चेंडू चालतो, हुकूम चालत नाही

एप्रिलच्या चौदा आणि पंधरा या तारखा शेजारीशेजारी येतात, पण त्या एकत्र पाहायची आपल्याला सवय नाही. चौदाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची जयंती. पंधराला अमेरिकेत जॅकी रॉबिन्सन दिन. त्या दिवशी मेजर लीग बेसबॉलचे सगळे खेळाडू, गोरे असोत की काळे, जपानी असोत की डॉमिनिकन, पाठीवर ४२ हा एकच आकडा लावून मैदानात उतरतात. १५ एप्रिल १९४७ रोजी ब्रुकलिन डॉजर्सकडून जॅकी रॉबिन्सन पहिल्यांदा खेळले, तेव्हा त्यांच्या पाठीवर हा आकडा होता. त्याआधी साठ वर्षांहून अधिक काळ मेजर लीगमध्ये एकाही कृष्णवर्णीय खेळाडूला उघडपणे जागा मिळाली नव्हती.

न्यू जर्सीत किंवा शिकागोत राहणाऱ्या आपल्या वाचकांची मुले ही गोष्ट शाळेत शिकून घरी येतात. इकडे देऱ्यात आणि शारजात वाढणाऱ्या मुलांना बेसबॉलचे फारसे देणेघेणे नसते. त्यांचा खेळ क्रिकेट. पण या दोन्हीकडच्या मुलांना सांगावी अशी एक गोष्ट पुण्या-मुंबईच्या मैदानांवर घडलेली आहे, आणि ती रॉबिन्सन यांच्या अर्धशतकभर आधी सुरू होते. ती पळवणकर बाळू आणि त्यांच्या भावांची. चौदा एप्रिलशीही तिचे नाते आहे. ते पुढे येईलच.

आधी थोडे बेसबॉल, कारण आखातातल्या वाचकांना त्याची ओळख कमी. या खेळात चेंडू टाकणारा तो पिचर. फलंदाजाच्या मागे बसून तो चेंडू झेलणारा, म्हणजे आपल्या यष्टिरक्षकासारखा, तो कॅचर. मात्र कॅचरचा अधिकार यष्टिरक्षकापेक्षा मोठा असतो. पुढचा चेंडू कोणता टाकायचा हे तो बोटांच्या खुणेने सांगतो आणि पिचरने ते ऐकायचे, असा रिवाज आहे.

१८८४ साली ओहायो राज्यातल्या टोलेडोच्या संघात मोझेस फ्लीटवुड वॉकर नावाचे कृष्णवर्णीय कॅचर होते. टोलेडोचा संघ त्या वर्षी मेजर लीगमध्ये गणला जाई. वॉकर कॉलेजात शिकलेले होते. त्या काळी आजच्यासारखे जाडजूड हातमोजे नव्हते, जवळपास उघड्या हातांनी चेंडू झेलावा लागे. त्यांच्याच संघातले गोरे पिचर टोनी मुलेन यांनी पुढे पुष्कळ वर्षांनी एक कबुली दिली. आपण ज्यांच्याबरोबर खेळलो त्यांत वॉकरसारखा कॅचर दुसरा नव्हता, पण काळ्या माणसाच्या खुणा पाळायच्या नाहीत असे आपण ठरवले होते, आणि मनाला येईल तो चेंडू टाकत होतो, अशा अर्थाचे ते बोलणे होते. वॉकर यांना कोणता चेंडू येणार हे माहीत नसायचे. तरी ते झेलत राहिले.

ही कबुली लक्षात ठेवा. वॉकर संघात होते, गणवेश तोच होता, पगार मिळत होता. त्यांनी झेललेला चेंडू मुलेनना चालत होता, पण त्यांनी सांगितलेला चेंडू चालत नव्हता.

पुढे तेही चालेनासे झाले. १४ जुलै १८८७ रोजी न्यूअर्कमध्ये शिकागोच्या संघाशी एक सामना होता. शिकागोचे कर्णधार कॅप ॲन्सन त्या काळचे सर्वात नावाजलेले खेळाडू. समोर जॉर्ज स्टोव्ही हा कृष्णवर्णीय पिचर असेल तर आपण खेळणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. स्टोव्ही त्या दिवशी खेळले नाहीत. त्याच दिवशी इंटरनॅशनल लीगच्या मालकांनी मतदान करून ठरवले की यापुढे कृष्णवर्णीय खेळाडूंशी नवे करार करायचे नाहीत. मेजर लीगच्या नियमांच्या पुस्तकात असे काही लिहिलेले नव्हते. सगळ्यांना ठाऊक असलेला आणि कोणीच न लिहिलेला तो समज होता. आपल्याकडच्या वाचकाला अशा नियमाचे नवल वाटू नये. आपल्या गावच्या पाणवठ्यावरही पाटी नसायची.

दार बंद झाल्यावर कृष्णवर्णीयांनी आपले संघ काढले, गावोगाव हिंडून सामने केले, आणि १९२० साली रूब फॉस्टर यांच्या पुढाकाराने कॅन्सस सिटीत निग्रो नॅशनल लीग उभी राहिली. मालक जवळपास सगळे त्यांचे, कर्णधार त्यांचे, प्रेक्षकही मुख्यतः त्यांचे. १९२० हे साल मनात असू द्या. त्याच वर्षी मुंबईतही काहीतरी घडले.

आता इकडे या. देऱ्यात राहणाऱ्याला क्रिकेट समजावून सांगावे लागत नाही. उन्हाळा ओसरला की सुट्टीच्या दिवशी पहाटे मोकळ्या रेताड प्लॉटवर, रिकाम्या पार्किंगमध्ये टेनिस बॉलचे सामने सुरू होतात. संघ कसे पडतात ते कधी पाहिले आहे? एका कंपनीचा संघ, एका जिल्ह्याचा, एका भाषेचा, कधी तर एकाच बिल्डिंगीतल्या दोन खोल्यांचा. परक्या मुलखात माणूस ओळखीच्या माणसांत उभा राहतो, त्यात नवल नाही. शंभर वर्षांपूर्वीच्या मुंबईत संघ धर्मावर पडत. १९०७ पासून युरोपियन, पारशी आणि हिंदू यांची तिरंगी स्पर्धा भरू लागली. १९१२ मध्ये मुसलमानांचा संघ आला आणि ती चौरंगी झाली. पुढे १९३७ मध्ये ख्रिस्ती वगैरे इतरांचा संघ येऊन ती पंचरंगी झाली, आणि १९४६ च्या सुमारास बंद पडली. हे सामने म्हणजे मुंबईचा उत्सव असे. कचेऱ्या ओस पडत, झाडांवर माणसे चढत.

या मांडणीत एक पेच होता. हिंदूंचा संघ म्हणजे कोणाचा संघ? अमेरिकेत काळ्यांना बाहेर काढून त्यांचा निराळा संघ झाला. इथे अस्पृश्यांचा निराळा संघ नव्हता. त्यांची गणती हिंदूंत, म्हणून खेळायचे तर हिंदूंच्या संघातून. तेव्हा भेदाची रेषा संघाच्या आतूनच काढावी लागली. ती कुठून कुठे गेली, हे बाळूंच्या आयुष्यात दिसते.

पळवणकरांचे आडनाव कोकणातल्या पळवण गावाचे. घराणे चर्मकार समाजातले. बाळूंचा जन्म १८७० च्या दशकाच्या मध्यावर धारवाडला झाला. वडील लष्करी नोकरीच्या निमित्ताने पुण्यात होते. तिथे गोऱ्या अंमलदारांनी टाकून दिलेल्या बॅटी-चेंडूंवर बाळू आणि धाकटे शिवराम खेळ शिकले. शाळा लवकर सुटली. पहिली नोकरी पुण्यातल्या पारशांच्या क्रिकेट मैदानावर लागली: मैदान झाडणे, रोलर फिरवणे आणि कधीमधी सभासदांना सरावासाठी चेंडू टाकणे. पगार महिना ३ रुपये. १८९२ च्या सुमारास ते युरोपियनांच्या पूना क्लबात लागले. पगार ४ रुपये. तिथे खेळपट्टी आखायची, जाळी उभी करायची, टेनिसची मैदानेही आखायची.

क्लबातल्या एका गोऱ्या सभासदाने त्यांना जाळीत गोलंदाजी करायला सांगितले आणि त्यांची डावखुरी फिरकी लोकांच्या लक्षात आली. त्या काळचे हिंदुस्थानातले सर्वात नावाजलेले इंग्रज फलंदाज जे. जी. ग्रेग रोज इतरांच्या आधी येऊन बाळूंच्या गोलंदाजीवर सराव करत. आपल्याला बाद केले की ग्रेगसाहेब दर वेळी आठ आणे देत, अशी एक आख्यायिका आहे. आठ आण्यांचे खरेखोटे काहीही असो, बाळू हजारो चेंडू टाकून तयार झाले. बॅट मात्र त्यांच्या हातात क्वचितच आली. फलंदाजी हे साहेबाचे काम आणि गोलंदाजी हे नोकराचे, अशी विभागणी इंग्लंडातही होती. आपल्याकडे जातीने ती आणखी पक्की केली. म्हणजे रेषेची पहिली जागा ही: घाम गाळायचा तो चेंडू तुमचा, मिरवायची ती बॅट आमची.

पुण्यातल्या हिंदूंच्या क्लबाला गोऱ्यांच्या संघाला हरवायचे होते, आणि गोऱ्यांचा सर्वात चांगला फलंदाज रोज ज्याच्यावर सराव करतो तो गोलंदाज गावातच होता. त्याला घ्यायचे की नाही यावर क्लबात वाद झाला. तेलुगू सभासद घ्या म्हणत होते, काही मराठी ब्राह्मण सभासदांचा विरोध होता. शेवटी जिंकण्याची इच्छा वरचढ ठरली. बाळूंना घेतले, पण तडजोडीने. मैदानावर सगळे एकाच चेंडूला हात लावत. चहाच्या सुट्टीत बाकीचे खेळाडू पॅव्हिलियनमध्ये चिनी मातीच्या कपांतून चहा घेत आणि बाळूंना बाहेर, पिऊन फेकून द्यायच्या मातीच्या भांड्यात चहा मिळे. जेवण वेगळ्या ताटात, वेगळ्या जागी. हात धुवायचे झाले तर पाणी घालायला त्यांच्यासारखाच एक अस्पृश्य नोकर मैदानाच्या कडेला येई.

थोडा विचार करा. चेंडू बाळूंच्या हातातून यष्टिरक्षकाकडे जातो, तिथून स्लिपमधल्या माणसाकडे, तिथून परत बाळूंकडे. दिवसभर हा चेंडू अकरा जणांच्या हातांतून फिरतो, घामाने ओला होतो, पँटीला पुसला जातो. त्याने कोणाचा धर्म बुडत नाही. कप आला की बुडतो. कारण चेंडूची गरज होती आणि कपाची नव्हती.

पुण्यात गोऱ्यांना हरवले, मग साताऱ्याच्या गोऱ्या जिमखान्यालाही. साताऱ्यात बाळूंची फिरकी निष्प्रभ व्हावी म्हणून खेळपट्टी आठवडाभर रोलर फिरवून कडक केली होती, तरी त्यांनी ७ गडी बाद केले. परत आल्यावर पुण्यात सत्कार झाला. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानड्यांनी त्यांना हार घातला, आणि ज्याच्याबरोबर खेळता त्याच्याबरोबर चहा आणि जेवणही घेतले पाहिजे, असे पुण्याच्या खेळाडूंना बजावले असे सांगतात. पुढे लोकमान्य टिळकांनीही जाहीर सभेत बाळूंचे कौतुक केले. त्या काळच्या पुण्यात ही लहान गोष्ट नव्हती.

१८९६ च्या प्लेगच्या सुमारास बाळू मुंबईला आले आणि पुढे रेल्वेत नोकरीला लागले. मरीन लाइन्सच्या हिंदू जिमखान्याने त्यांना घेतले. तिथेही कुरकुर झाली, पण मुंबईचे वारे पुण्यापेक्षा मोकळे होते. इथे पळवणकर बंधूंना इतर सभासदांबरोबर बसून खाता आले. शिवरामही संघात आले, पुढे गणपत आणि विठ्ठल. चार सख्खे भाऊ आणि चौघेही अव्वल दर्जाचे खेळाडू.

फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदू आणि युरोपियन यांचा सामना झाला. हिंदूंनी २४२ आणि १६० धावा केल्या, युरोपियनांनी १९१ आणि १०२. हिंदू १०९ धावांनी जिंकले. या विजयात बाळूंच्या फिरकीचा वाटा मोठा होता. बंगालच्या फाळणीने देश तापलेला असताना राज्यकर्त्यांना त्यांच्याच खेळात हरवले, त्यामुळे गल्लोगल्ली आनंद झाला. ‘इंडियन सोशल रिफॉर्मर’ या पत्राने मात्र दुसरी गोष्ट हेरली. हिंदू क्रिकेटपटूंनी जुना समज पायाखाली घालून सर्व जातींच्या खेळाडूंना वाव दिला, म्हणून जिंकले; मैदानावर शिकलेला हा धडा राजकारणात, समाजात आणि शिक्षणातही गिरवा, असा त्याचा आशय होता.

१९११ साली हिंदुस्थानचा पहिला सर्वधर्मीय संघ इंग्लंडला गेला. बाळू आणि शिवराम दोघेही त्यात होते. बाळू तेव्हा पस्तिशीचे, खांदा दुखावलेला. संघ बहुतेक सामने हरला, पण बाळूंनी दौऱ्यात ११४ गडी बाद केले. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एका डावात १०३ धावांत ८. संघाचे कर्णधार कोण? पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग, वय १९. ते मोजक्याच सामन्यांत खेळले. हिंदुस्थानचा सर्वात अनुभवी गोलंदाज, आणि त्याला क्षेत्ररक्षण लावून देणार एकोणीस वर्षांचा राजपुत्र. तेव्हा कोणाला त्यात वावगे वाटले नाही.

आणि इथून आपण रेषेच्या शेवटच्या जागेशी येतो. बॅट मिळाली, कपही मिळाला. कर्णधारपद मिळेना.

चौरंगी स्पर्धेच्या त्या वर्षांत हिंदूंचा सर्वात ज्येष्ठ आणि सर्वात यशस्वी खेळाडू बाळूच होते. दर वर्षी त्यांचे नाव निघे आणि दर वर्षी मागे पडे. १९१३ मध्ये एम. डी. पै कर्णधार झाले. सत्काराच्या वेळी पै यांनी उभे राहून सांगितले की हा मान खरे तर बाळूंचा होता. पै ब्राह्मण होते आणि बाळूंचे मित्र. त्यांना जे उघड दिसत होते ते निवड समितीला दिसत नव्हते, असे म्हणणे भोळेपणाचे होईल.

कारण कर्णधारपद म्हणजे काय? नाणेफेकीला तो जातो. चहाच्या वेळी साहेबाच्या शेजारी तो बसतो. स्लिपमध्ये कोण, लाँगला कोण, आता गोलंदाजी कोण करणार, हे तो ठरवतो आणि बाकी दहा जण निमूट ऐकतात. चर्मकाराच्या बोटाच्या इशाऱ्यावर ब्राह्मणाने मैदानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत धावायचे. टोलेडोचे मुलेन आठवा. त्यांनाही नेमकी बोटाचीच खूण चालत नव्हती.

१९२० साली कडेलोट झाला. बाळूंना आधी संघातूनच वगळले. कर्णधार पै आजारी पडले, तेव्हा पहिल्या सामन्यासाठी समितीने विठ्ठल यांना डावलून पुण्याचे दि. ब. देवधर यांना कर्णधार केले. देवधर फलंदाज म्हणून थोरच, पण विठ्ठल त्यांना ज्येष्ठ होते. विठ्ठल आणि शिवराम दोघांनी संघातून अंग काढून घेतले आणि वर्तमानपत्रात निवेदन देऊन कारण जाहीर केले: आम्हाला जातीमुळे डावलले जात आहे. त्याच वर्षाच्या डिसेंबरात नागपूरच्या काँग्रेस अधिवेशनात गांधीजी अस्पृश्यता गेल्याशिवाय स्वराज्य नाही असे सांगत होते. लोकमत बंधूंच्या बाजूने गेले. पुढच्या सामन्यासाठी पै परतले, बाळूंना पुन्हा घेतले आणि उपकर्णधार केले. त्या सामन्यात काही काळ पै मैदानाबाहेर गेले आणि तेवढा वेळ हिंदूंच्या संघाचे नेतृत्व पळवणकर बाळूंनी केले. अधिकृत नेमणूक त्यांना कधीच मिळाली नाही. तोच त्यांचा शेवटचा मोसम.

१९२३ मध्ये विठ्ठल कर्णधार झाले. हिंदूंनी त्या वर्षी युरोपियनांना हरवून स्पर्धा जिंकली आणि सवर्ण हिंदूंनी विठ्ठल यांना खांद्यावर घेतले. १९२६ पर्यंत ते कर्णधार होते आणि चारपैकी तीन वर्षे हिंदू जिंकले. इतकी वर्षे ज्या भीतीने हे पद दिले नव्हते, ती भीती कशाची होती ते कोणालाच सांगता आले नसते. विठ्ठल यांनी १९४८ मध्ये ‘माझे क्रीडा-जीवन’ हे आत्मचरित्र लिहिले. मराठीत आहे. आपल्यापैकी किती घरांत ते असेल?

आता पुन्हा अमेरिकेत जाऊ. १५ ऑक्टोबर १९७२ रोजी सिनसिनाटीत वर्ल्ड सिरीजच्या सामन्याआधी जॅकी रॉबिन्सन यांचा सत्कार झाला. पंचवीस वर्षांपूर्वी त्यांनी वर्णभेदाची भिंत पाडली म्हणून. मधुमेहाने दृष्टी जवळजवळ गेली होती, केस पांढरे झाले होते. आभार मानताना ते म्हणाले की मला आनंद आहेच, पण एखाद्या संघाच्या व्यवस्थापकाच्या जागी काळा चेहरा दिसेल त्या दिवशी तो आणखी वाढेल. बेसबॉलमध्ये डावपेच ठरवणारा, कोण खेळणार हे सांगणारा तो व्यवस्थापक, म्हणजे आपल्या कर्णधाराचेच काम. नऊ दिवसांनी रॉबिन्सन वारले. पहिला कृष्णवर्णीय व्यवस्थापक, फ्रँक रॉबिन्सन, १९७५ मध्ये क्लीव्हलंडच्या संघाला मिळाला. खेळाडू म्हणून दार उघडल्यापासून हुकूम चालेपर्यंत २८ वर्षे गेली. हिंदू जिमखान्याला बाळूंपासून विठ्ठल यांच्यापर्यंत यायला साधारण तेवढीच लागली.

मला वाटते, बहिष्काराच्या इतिहासातले हे सर्वात चिवट टोक आहे. माणसाला आत घेणे तुलनेने सोपे असते, कारण त्याची गरज असते. त्याचे ऐकणे अवघड जाते.

चौदा एप्रिलचे नाते सांगायचे राहिले. तरुणपणी भीमराव आंबेडकरांना बाळूंचा अभिमान वाटे. अस्पृश्य मानलेल्या समाजातला एक माणूस साऱ्या देशात नाव काढतो, याचे मोल त्या पिढीला होते. पुढे वाटा वेगळ्या झाल्या. १९३२ च्या पुणे करारावर दोघांच्याही सह्या आहेत, पण बाळूंचा कल गांधीजींकडे होता. १९३७ च्या निवडणुकीत मुंबईत आंबेडकरांविरुद्ध काँग्रेसने उभे केले ते पळवणकर बाळूंना. आंबेडकरांना १३,२४५ मते पडली, बाळूंना ११,२२५. दोन हजारांचा फरक. या लढतीकडे कसे पाहावे यावर आजही वाद होतात. मला त्यात एक जुनी ओळखीची गोष्ट दिसते. सामना अवघड असला की बाळूंच्या हातात चेंडू द्यायचा, ही सवय लोकांना पुण्यापासून होती. बाळूंनी मात्र ती निवडणूक आपल्या मताने लढवली असणार, आणि तो अधिकार आपण त्यांच्याकडून काढून घेऊ नये.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळूंचे निधन झाले. ३३ प्रथम श्रेणीचे सामने, १७९ बळी, सरासरी १५.२१. हिंदुस्थान पहिली कसोटी खेळला १९३२ मध्ये, त्यामुळे कसोटीवीरांच्या यादीत त्यांचे नाव नाही. धावफलकावर ते पी. बाळू म्हणून नोंदले गेले. देवधर देवधर राहिले, पै पै राहिले, आणि पळवणकर आडनावाचे नुसते एक अक्षर उरले. अमेरिकेत डिसेंबर २०२० मध्ये मेजर लीग बेसबॉलने जुन्या निग्रो लीगना मेजर लीगचा दर्जा दिला आणि २०२४ मध्ये त्या खेळाडूंचे आकडे अधिकृत नोंदींत मिळवले. फलंदाजीच्या सरासरीत जॉश गिब्सन एका दिवसात सर्वकालीन यादीच्या माथ्यावर गेले. मेल्यावर मिळालेला न्याय अपुरा असतो, पण आकडे दुरुस्त करता येतात. बाळूंच्या बाबतीत आकडे आधीपासूनच बरोबर आहेत. जे मिळाले नाही ते आकड्यांत मोजता येत नाही.

हे सारे देऱ्यात बसून वाचणाऱ्याला कशाला सांगायचे? २००५ पासून जागतिक क्रिकेटचा कारभार लॉर्ड्स सोडून दुबईत आला, हे एक कारण म्हणून पुरेसे झाले असते. पण खरे कारण निराळे आहे.

इथल्या अरबाच्या लेखी आपण सगळे ‘हिंदी’. पुण्याचे, रत्नागिरीचे, लातूरचे, कोकणी मुसलमान, वसईचे ख्रिस्ती, सगळ्यांचे ओळखपत्र एकाच नमुन्याचे. गरज आहे म्हणून बोलावले जाणे म्हणजे काय, आणि तरीही आपले न राहणे म्हणजे काय, हे आखातातल्या माणसाला कोणी शिकवावे लागत नाही. म्हणून बाळूंच्या हातातले ते मातीचे भांडे आपल्याला चटकन कळायला हवे. पण देऱ्यातल्या खांबांवर चिकटवलेल्या बेड-स्पेसच्या चिठ्ठ्या वाचा. प्रांत, भाषा, धर्म, खाणेपिणे, सगळे लिहिलेले असते. सोयीसाठी लिहिलेले असते हे खरे. पुण्यातल्या त्या कपालाही कोणी ना कोणी सोयच म्हटले असेल. आणि चिठ्ठीवर जे लिहीत नाहीत ते खोली पाहायला गेल्यावर विचारतात: पूर्ण नाव काय तुमचे? मूळचे कुठले?

आता सुट्टीच्या दिवशीच्या त्या सामन्याकडे पाहा. कंपन्यांच्या स्पर्धेत साइटवरचा एखादा पोरगा जोरात चेंडू टाकतो म्हणून त्याला गाडी पाठवून आणतात. तो सामना जिंकून देतो. संध्याकाळी हॉटेलात जेवण ठेवलेले असते, आणि तो कॅम्पच्या गाडीने परत गेलेला असतो. कोणी त्याला ये म्हणालेले नसते, नको असेही म्हणालेले नसते. आपल्या मंडळाच्या गणपतीतही सतरंज्या कोण उचलतो आणि माइक कोणाच्या हातात असतो, हे आठवून पाहा. यात कोणी दुष्ट असतो असे नाही. हिंदू जिमखान्याच्या निवड समितीतही भली माणसे होती.

म्हणून येत्या मोसमाआधी एक साधे काम करता येईल. संघ निवडून झाला की कर्णधार निवडताना क्षणभर थांबायचे. आजवर सर्वात जास्त गडी कोणी बाद केले, सर्वात जास्त वर्षे कोण खेळतो आहे, ते पाहायचे. आणि त्याला नाणेफेकीला पाठवायला आपण कधीच का सुचवले नाही, असा प्रश्न एकदा स्वतःला विचारायचा. उत्तर बहुधा साधेच निघेल: त्याने कधी मागितले नाही. बाळूंनी मागितले होते. भावांनी वर्तमानपत्रात छापून मागितले, तरी तीन वर्षे लागली. ज्याला देऱ्यातल्या आठ जणांच्या खोलीचे भाडे दर महिन्याला भरायचे असते, त्याने मागावे अशी वाट पाहत बसण्यात अर्थ नाही.